पंचवीस मीटरवरची नंबरप्लेट

बँकेच्या नोकरीत एक वाक्य मी किती वेळा उच्चारले असेल, याची गणती नाही. ‘मामा, इथं सही करा.’ कागदावर पेन्सिलीने बारीकशी फुली मारलेली असे. समोरचा शेतकरी त्या फुलीपाशी सही करी, नाहीतर अंगठा उठवी. कागद कसला आहे, हे विचारणारे थोडे आणि मी समजावून सांगितलेले त्याहून थोडे. कर्जाचे कागद साधारणपणे तीन वर्षांत मुदतबाह्य होतात. म्हणून त्याआधी ‘होय, मी एवढे देणे लागतो’ अशी कबुली कर्जदाराकडून लिहून घ्यावी लागते. त्या सहीत माणूस केवढी मोठी गोष्ट मान्य करीत असे! आमच्या लेखी मात्र ती एक उरकायची फुली होती.

२०२४च्या अखेरीस तशीच एक फुली माझ्या पुढ्यात आली. निमित्त होते ड्रायव्हिंग लायसन्सच्या नूतनीकरणाचे.

माझे लायसन्स १९९० सालचे. तेव्हा मी एकतीस वर्षांचा होतो. पीककर्जाच्या पाहणीसाठी गातेगाव, तांदुळजा, बोरगाव काळे अशा गावांना जायचे, म्हणून स्कूटर घेतली. १९८८चा मोटार वाहन कायदा नुकता कुठे लागू झाला होता. त्या कायद्याने लायसन्स वीस वर्षे किंवा वयाची पन्नाशी, यांत जे आधी येईल तोवर चाले. म्हणजे १९ वर्षे मला कोणी काही विचारले नाही. पन्नाशीनंतर मात्र मुदत पाच-पाच वर्षांची झाली. २०१९ साली कायद्यात दुरुस्ती होऊन टप्पे बदलले. पण पंचावन्न उलटलेल्यांसाठी पाच वर्षेच राहिली. मुदत संपल्यावर मिळणारी तीस दिवसांची सवलतही त्याच दुरुस्तीने गेली. आता मुदत संपली की गाडी दारात उभी. वर्षाच्या आत अर्ज केला नाही, तर नवशिक्यासारखी पुन्हा चाचणी.

मुलगा पुण्याहून फोनवर म्हणाला, ‘बाबा, अर्ज ऑनलाइन भरता येतो. फक्त डॉक्टरांचा दाखला लागेल.’ चाळिशीनंतर तो लागतोच. एका ओळखीच्या माणसाने तीही अडचण दूर केली. ‘काका, तुम्ही कशाला हेलपाटे घालता? दाखला मी आणतो. तुम्ही फक्त इथं सही करा.’ आणि त्याने पेन्सिलीने फुली मारली.

ती फुली पाहिली आणि माझा हात थांबला. नोकरी सुटल्यावर का होईना, मी कागद वाचायला घेतला.

तो शारीरिक पात्रतेचा जाहीरनामा होता. फेफरे येते का? अचानक भोवळ येऊन शुद्ध हरपते का? लाल आणि हिरवा रंग ओळखता येतो का? रातांधळेपणा आहे का? नेहमीचे आवाज ऐकू येतात का? आणि एक प्रश्न असा : चांगल्या उजेडात, चष्मा असल्यास तो लावून, पंचवीस मीटरवरच्या मोटारीची नंबरप्लेट प्रत्येक डोळ्याने वाचता येते का?

या प्रश्नापाशी मी अडलो, कारण एक गोष्ट मी घरातही सांगितलेली नव्हती. त्याच वर्षी जानेवारीत रात्री अकराच्या सुमारास शेजारच्या मुलाने दार वाजवले. त्याच्या आईला धाप लागली होती. आमच्या मुरुडात ज्याच्या दारात चारचाकी, त्याचे दार रात्री वाजायचेच. त्यात कौतुक काही नाही. त्यांना घेऊन बार्शी रस्त्याने लातूरला निघालो. उसाचे दिवस. समोरून येणाऱ्या ट्रकचा झोत डोळ्यांवर आला, सगळे पांढरेफटक झाले. झोत सरला तेव्हा उसाने भरलेली ट्रॉली अगदी पुढ्यात होती. मागे ना दिवा, ना लाल पट्टी. ब्रेक लागला, म्हणून वाचलो. मुलगा म्हणाला, ‘काका, ट्रॉलीवाल्याला अक्कल नाही बघा.’ मीही होकार दिला. पण ती ट्रॉली त्या मुलाला माझ्याआधी दिसली होती. तो ओरडला होता, म्हणून मी ब्रेक मारला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी शेतातला मोजणीचा फीता काढला आणि गल्लीत पंचवीस मीटर मोजले. माझ्या गाडीचा नंबर मला पाठ. तो वाचणे म्हणजे परीक्षेत कॉपी करणे. म्हणून गल्लीत उभ्या असलेल्या एका अनोळखी टेम्पोपुढे उभा राहिलो. डावा डोळा झाकून वाचले, ‘एमएच २४’ आणि पुढचे आकडे धडधडीत दिसले. मग उजवा झाकला. डाव्या डोळ्याला पाटीवर नुसते काळे डाग दिसत होते.

दारातून ही पाहत होती. ‘अहो, काय चाललंय?’ तेव्हा मग जानेवारीची ती रात्रही सांगून टाकली. ती रागावली नाही. एवढेच म्हणाली, ‘मागच्या सीटवर त्यांची आई होती हो.’

मी तो कागद फुलीसकट परत केला. डॉक्टरांनी तपासून डाव्या डोळ्यात मोतीबिंदू असल्याचे सांगितले. समोरच्या दिव्याने डोळे दिपणे हे त्याचेच लक्षण. डिसेंबरात लायसन्सची मुदत संपली. मी ती संपू दिली आणि जानेवारीत शस्त्रक्रिया करून घेतली. त्या काळात लातूरला एसटीने गेलो. पासष्ट उलटल्यामुळे मला अर्धे तिकीट आणि २०२३पासून महिलांनाही अर्धे, म्हणून हिलाही अर्धे. दोघे मिळून एका पूर्ण तिकिटात जाऊन आलो.

जपानमध्ये पंचाहत्तरी उलटलेल्या चालकांची नूतनीकरणाच्या वेळी स्मरणशक्तीची परीक्षा घेतात आणि स्वतःहून लायसन्स परत करण्याची सोयही तिथे आहे. आपल्याकडे बरेचसे आपल्या शब्दावर आणि डॉक्टरांच्या सहीवर सोपवलेले आहे. हा विश्वास मोठा आहे. म्हणून तर तो पेन्सिलीच्या फुलीवर खर्चू नये.

डोळा बरा झाल्यावर फीता पुन्हा काढला. दोन्ही डोळ्यांनी नंबर वाचला, मगच डॉक्टरांपुढे बसलो. मार्चमध्ये लायसन्स पाच वर्षांसाठी नवे झाले. पण रात्री गाडी काढायची नाही, असे मी ठरवले आणि शेजाऱ्यांना तसे सांगितले. सांगताना जीभ जड झाली. त्या मुलाने गाडी शिकून लायसन्स काढले आहे. रात्री गरज पडली तर किल्ली आमच्याकडून न्यायची आणि १०८ची रुग्णवाहिका जवळ असेल तर आधी तिला फोन करायचा, असे आमचे ठरले आहे.

बँकेतल्या सवयीने वहीत पुढच्या मुदतीची तारीख लिहून ठेवली आहे. तिच्याखाली दुसरी नोंद : दर दसऱ्याला, उसाच्या ट्रॉल्या रस्त्यावर यायच्या आधी, फीता काढणे. नंबर वाचायला गाडी अनोळखी हवी, हेही लिहिले आहे.