दिवस लांबवणारं पाणी

आमच्या घरी घड्याळ होतं, पण आजोबा बंधाऱ्याकडे निघायचे ते कालनिर्णयातली तिथी बघून. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ हाती येते, हा हिशोब पेणच्या खारेपाटात पोराटोरांनाही पाठ. अष्टमी असेल तर आठाचे पाऊणपट सहा, म्हणजे सकाळी आणि संध्याकाळी सहाच्या सुमाराला पाणी भरणार. पुनवेला आणि अवसेला बाराच्या आसपास. खाडीत आतपर्यंत पाणी चढायला जो उशीर लागतो, तेवढा वर धरायचा. पृथ्वीची एक फेरी पुरी होईतो चंद्र थोडा पुढे गेलेला असतो, म्हणून भरती रोज पन्नासएक मिनिटांनी मागे पडते. आजोबांना हे कारण कुणी सांगितलं नव्हतं. त्यांचा पाऊण तास मात्र त्याच्या अगदी जवळ जात होता.

काळ वाकवणारी शक्ती ही कल्पना मराठी वाचकाला नवी नाही. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत ‘नारायण विनायक जगताप’ या नावाने आलेल्या ‘कृष्णविवर’ या कथेला पहिलं बक्षीस मिळालं. लेखक होते जयंत विष्णु नारळीकर. स्वतःची आद्याक्षरं उलटी फिरवून त्यांनी हे नाव घेतलं होतं. त्या कथेमागच्या, प्रचंड गुरुत्वाकर्षणाजवळ काळ संथ होतो, या आइन्स्टाइनच्या सिद्धान्ताने मी शाळकरी वयात भारावून गेलो. काळाशी असा खेळ करणारी ताकद अब्जावधी मैलांवर कुठेतरी असते, असंच तेव्हा मनात बसलं. गुरुत्वाकर्षणाचीच दुसरी करामत दिवसातून दोनदा आमच्या बाहेरकाठ्याला, म्हणजे खाडीकडच्या मातीच्या बांधाला, येऊन थडकते, हे कळायला बरीच वर्षं जावी लागली.

चंद्राच्या ओढीने समुद्राला फुगवटा येतो. पृथ्वी चंद्रापेक्षा वेगाने फिरत असल्याने तो फुगवटा चंद्राच्या किंचित पुढे ओढला जातो. चंद्र त्याला मागे खेचतो. या ओढाताणीत पाणी समुद्राच्या तळाला, उथळ किनाऱ्यांना, खाड्यांच्या तोंडांना घासतं आणि पृथ्वीच्या फिरण्यातली ऊर्जा उष्णता होऊन निघून जाते. जगभरच्या भरती-ओहोटीत अशी सुमारे ३.७ लाख कोटी वॅट दराने ऊर्जा अहोरात्र खर्ची पडते. तेवढा ब्रेक पृथ्वीला लागतो आणि दिवस लांबतो. शंभर वर्षांत साधारण दोन मिलिसेकंद, म्हणजे पापणी लवायला लागतो त्याहूनही कितीतरी कमी वेळ. पृथ्वीने गमावलेली फिरकी चंद्राच्या पदरात पडते आणि तो वर्षाला ३.८ सेंटिमीटर दूर जातो. अपोलो मोहिमांनी चंद्रावर ठेवलेल्या आरशांवर लेसर सोडून हे अंतर मोजलं जातं.

दोन मिलिसेकंद ऐकायला काहीच नाही. पण हा उशीर रोजच्या रोज साठत जातो. इ.स.पू. १३६ मध्ये बॅबिलोनमध्ये खग्रास सूर्यग्रहण दिसल्याची नोंद मातीच्या विटांवर आहे. दिवस तेव्हाही आजच्याएवढाच होता असं धरून गणित मांडलं, तर ग्रहणाची सावली बॅबिलोनच्या पार पश्चिमेला पडते. पृथ्वीच्या घड्याळात मध्यंतरी तीन तासांहून जास्त फरक पडला आहे! त्याहून मागे जायचं तर पोवळ्यांकडे जावं लागतं. जॉन वेल्स या अमेरिकी शास्त्रज्ञाने १९६३ साली सुमारे चाळीस कोटी वर्षांपूर्वीच्या पोवळ्यांच्या अंगावरच्या रोजच्या वाढीच्या रेघा मोजल्या. वर्षाला साधारण चारशे भरल्या. म्हणजे तेव्हा वर्षाचे दिवस चारशे आणि एक दिवस जेमतेम बावीस तासांचा.

आपल्या हयातीतही हे दिसलं. १ जानेवारी २०१७ ला पहाटे साडेपाच वाजायच्या आत भारतीय प्रमाणवेळेत एक सेकंद जास्तीचा घातला गेला. १९७२ पासूनचा तो सत्ताविसावा. पृथ्वीच्या पोटातल्या हालचालींचाही त्यात हात असतो, पण मुळातला ब्रेक भरतीचाच.

हे सारं वाचून मी पुन्हा बंधाऱ्यावर गेलो तेव्हा उघाडीपाशी, म्हणजे बांधातल्या पाणी सोडायच्या दारापाशी, बराच वेळ बसून राहिलो. ओहोटीला उघाडीचं लाकडी दार सुटून हलत होतं आणि शेतातलं पाणी खाडीत पडत होतं. मग खाडीचं पाणी फिरलं. आधी चिखलातल्या बारीक चरांमधून जिभा आत सरकल्या, काठ ओला झाला आणि चढत्या पाण्याने दार आपसूक दाबून बंद केलं. कुणी हात लावला नव्हता. वाशी, शिर्की, वढाव या गावांची भातशेती अशा दारांच्या आणि मातीच्या काठांच्या भरवशावर उभी आहे. उधाणाला काठ फुटला, खांड गेली, तर खारं पाणी शेतात शिरतं आणि ती जमीन पुढची काही वर्षं भात देत नाही. खांड बांधायची तर भांगाचे दिवस गाठावे लागतात, सप्तमी-अष्टमीच्या सुमाराचे, पाण्याला जोर नसतो तेव्हाचे. त्यातही दोन भरत्यांमधले मोजके तास. अख्खा गाव पाट्या-फावडी घेऊन त्या तासांशी झुंजतो. खारभूमीचं सरकारी खातं आहे, कायदा आहे, तरी फुटलेले काठ वेळेवर बांधले जात नाहीत, याचं मला फार वाईट वाटतं. चंद्र कुणासाठी थांबत नाही.

रोह्याला तर नदीच दोन घड्याळांवर चालते. खालून रेवदंड्याच्या खाडीतून चंद्राच्या वेळेने भरती कुंडलिकेत चढते. वरून भिऱ्याच्या टाटा वीजकेंद्राचं पाणी येतं, ते शहराला वीज कधी हवी त्या वेळेने. मुळशीचं पाणी सह्याद्रीवरून खाली सोडून तिथे १९२७ पासून वीज होते. पुढे १५० मेगावॅटचा उदंचन संचही आला. मागणी कमी असते तेव्हाच्या विजेने पाणी पुन्हा वर चढवायचं आणि गर्दीच्या वेळी खाली सोडायचं. रात्रीची वीज संध्याकाळी वापरण्याची ही सोय मला विज्ञानकथेहून कमी वाटत नाही. कोलाडजवळ राफ्टिंगला येणाऱ्या पोरांच्या होड्याही या सोडलेल्या पाण्यावरच धावतात.

रस्ते होण्याआधी इथली सगळी ये-जा भरतीवर चाले. पेणचं अंतोरे बंदर, अंबेवरचं नागोठणे, कुंडलिकेवरचं रोहे, सगळीकडे गलबतं चढत्या पाण्याबरोबर आत यायची. आजोबा सांगायचे, भाऊबीजेला बहिणीकडे जायचं तर बीजेचे पाऊणपट दीड. दीडला पाणी भरणार, म्हणून धरमतरहून साडेदहालाच पडाव सोडायचा. वल्ही फार मारावी लागत नसत. पाणीच नागोठण्यापर्यंत नेऊन सोडायचं आणि ओवाळून, जेवून होईतो ओहोटी लागलेली असायची.