डाव्या हाताचं गणित

बेळगावातल्या पेटीवाल्याचा पहिला प्रश्न ठरलेला : "पट्टी कुठली?" उत्तर आकड्यात येतं. "काळी एक." "पांढरी दोन." बाई गाणार असल्या तर बहुधा काळी चार-पाचच्या आसपास. एवढ्या दोन शब्दांवर हा माणूस दीड-दोन तासांच्या मैफलीला बसतो. पुढ्यात कागद नसतो. गवई कुठल्या जागेवरून वळणार, कुठे थबकणार, कुठली तान अर्ध्यात सोडून हसणार, यातलं काही आधी ठरलेलं नसतं. तरी पेटी त्याच्या मागे सावलीसारखी चालते.

या गावाला हे नवं नाही. १९१७ साली कागवाडला जन्मलेले पं. रामभाऊ विजापुरे आयुष्यभर बेळगावात पेटी वाजवत आणि शिकवत राहिले. २०१० साली ते गेले तेव्हा त्यांच्या हाताखालून कित्येक पिढ्या गेल्या होत्या. विठ्ठलराव कोरगावकर याच गावचे. संगीत नाटकाचा संसार मांडणारे अण्णासाहेब किर्लोस्कर बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे, आणि कुमार गंधर्व सुळेभावीचे. तेव्हा खडेबाजारातल्या दिवाळीच्या गर्दीत आकाशकंदील निवडता निवडता दोघे जण 'काळी दोन की पांढरी तीन' यावर वाद घालताना दिसले, तर बेळगावकर मान वळवूनही बघणार नाही.

चारशे वर्षांपूर्वी युरोपातल्या साथीदारालाही आकडेच हातात मिळत. फक्त त्या आकड्यांचा प्रश्न वेगळा होता. आपला आकडा पेटीवरची जागा सांगतो : सा कुठे धरायचा. तिकडचा आकडा सांगे, की तळाच्या सुरापासून वरचे सूर किती अंतरावर आहेत. त्या पद्धतीचं नाव फिगर्ड बास. मराठीत तिला 'अंकित खर्ज' म्हणायला हरकत नाही.

इ. स. १६०० च्या सुमारास इटलीत ही रीत छापील पुस्तकांत दिसू लागली. त्यामागचं कारण अगदी संसारी होतं. लोदोविको व्हियादाना नावाच्या चर्चसंगीतकाराने १६०२ साली थोड्या आवाजांसाठी लिहिलेल्या भक्तिरचनांचं पुस्तक काढलं. प्रस्तावनेत त्याने गायकांची अडचण मांडली आहे. पाच-सहा-आठ आवाजांसाठी बांधलेल्या रचना गायला चर्चमध्ये माणसं मात्र दोन किंवा तीनच असत. उरलेले आवाज गळाले की रचनेला भोकं पडत. व्हियादानाने दोन-तीन आवाजांनाच पुरतील अशा रचना केल्या आणि खाली ऑर्गनसाठी खर्जाची एक सलग ओळ दिली. भोकं बुजवायचं काम ऑर्गनवाल्याकडे गेलं. कमी माणसांत कार्य पार पाडायचं, हा प्रश्न गावोगावच्या भजनी मंडळांनाही काही परका नाही.

तर कागदावर खर्जाची एकच ओळ. तिच्या काही सुरांखाली बारीक आकडे : ६, ७, ६ वर ४. डाव्या हाताने ओळ वाजवायची आणि उजव्या हाताने आकडे पाहून वरचे सूर भरायचे. किती दाट भरायचे, कुठल्या सप्तकात, एकदम की उलगडत, हे वाजवणाऱ्याने ठरवायचं.

हे पेटीवर करून बघितलं तर पाच मिनिटांत उमगतं. पुस्तकातून शिकायला गेलं तर सहा महिनेही पुरत नाहीत, कारण परीक्षेच्या पुस्तकांनी या जिवंत कलेचं त्रैराशिक करून टाकलं आहे.

पांढरी एक सा धरावा. सा, ग आणि प एकदम दाबले की कॉर्ड झाली. आता मोजायचं. मोजताना तळाचा सूर धरूनच एक म्हणायचं, जसं 'पंचम' या नावातच सा पासून पाचवा असं मोजमाप बसलेलं आहे. सा एक, रे दोन, ग तीन, म चार, प पाच. म्हणून या कॉर्डचे आकडे ५ आणि ३. ही इतकी नेहमीची गोष्ट, की लिहायचा कंटाळा करायचे; खर्जाच्या सुराखाली काहीच लिहिलेलं नसेल तर पाच-तीन समजायचं.

आता बोटं वर सरकवावीत. तळाचा सा सोडून द्यावा आणि ग, प, वरचा सा दाबावा. सूर तेच तीन, फक्त तळाशी ग आला. पुन्हा मोजलं तर ग पासून प तिसरा आणि सा सहावा. आकडे ६ आणि ३. लिहिताना नुसता ६. हे पहिलं इन्व्हर्जन. आणखी एकदा सरकलं की प, सा, ग. प पासून सा चौथा, ग सहावा. ६ आणि ४. हे दुसरं.

इथे एक गफलत हमखास होते. आपल्याला सगळं सा पासून मोजायची सवय. म्हणून ६ दिसला की बोट धैवताकडे धावतं. फिगर्ड बास सा ला विचारत नाही. त्या क्षणी तळाशी जो बसला असेल, तो एक. एकदा ही गाठ सुटली की बाकी सगळं पाठांतर आहे.

पण हे तिन्ही प्रकार कानाला सारखे लागत नाहीत. सा तळाशी असताना कॉर्ड पाट मांडून बसल्यासारखी वाटते. ग तळाशी आला की तीच कॉर्ड हलकी होते, पुढे चालू लागते. प तळाशी आला की ती अधांतरी लटकते. शेवट जवळ आल्यावर युरोपीय रचनाकार याच लटकण्याचा उपयोग करतात. तळाला प कायम ठेवून वरचे सा आणि ग एकेक पायरी उतरून नी आणि रे वर येतात, आणि मग सगळं मिळून सा च्या कॉर्डवर विसावतं. कागदावर ते फक्त '६-४, मग ५-३' असं दिसतं. ऐकताना मात्र तिहाईच्या शेवटच्या तुकड्याला श्रोत्यांचा श्वास अडतो तसं होतं.

इन्व्हर्जनचा दुसरा उपयोग तळाच्या चालीसाठी. समजा आधी सा ची कॉर्ड, मग प ची, मग ध ची वाजवायची आहे. तिन्ही मूळ रूपात वाजवल्या तर खर्ज सा वरून प ला उडी मारणार, तिथून ध ला. मधल्या प-नी-रे मध्ये नी तळाशी घेतला तर खर्ज सा, नी, ध असा जिना उतरल्यासारखा येतो. अंकित खर्जात ही सगळी करामत नी खाली लिहिलेल्या एकट्या ६ मध्ये मावते. आजचा गिटारवाला हेच 'सी, जी ओव्हर बी, ए मायनर' असं सांगतो. चारशे वर्षांत वेश बदलला. तळाशी कोण, हा प्रश्न तोच राहिला.

चार सुरांच्या कॉर्डला तीन इन्व्हर्जनं. प-नी-रे-म ला ७, नी तळाशी आला तर ६-५, रे आला तर ४-३, म आला तर ४-२. तर्क तोच, म्हणून इथे रेंगाळायचं कारण नाही. एक गंमत मात्र सांगण्याजोगी आहे. दोन सुरांचं अंतर उलटं केलं की जुन्या आणि नव्या आकड्यांची बेरीज नेहमी नऊ येते. सा-ग तीन, ग-सा सहा. सा-प पाच, प-सा चार. गोव्याचा मांडो दोन आवाजांत गातात तेव्हा दुसरा आवाज बहुतेक वेळ याच तीन आणि सहाच्या अंतरांनी पहिल्याला बिलगून चालतो.

'ग-प-सा ही सा-ग-प चीच बहीण' हे आज पोरंसोरंही सांगतात. पण अंकित खर्ज वाजवणाऱ्यांच्या पहिल्या पिढ्यांना ते सांगायची गरज वाटली नव्हती. त्यांच्यासाठी ६ ही ६ होती, एक हातवळणी. झां-फिलिप रामो या फ्रेंच ऑर्गनवादकाने १७२२ साली हार्मनीवरचा ग्रंथ छापला आणि त्यात ठासून मांडलं, की तळ बदलला तरी कॉर्डचा मूळ सूर बदलत नाही. कानाला ऐकू येणारा खर्ज एक आणि विचारातला मूळ खर्ज दुसरा. सगळ्यांना हे पटलं नाही. बाखचा मुलगा कार्ल फिलिप इमान्युएल याने साथीवरचा आपला मोठा ग्रंथ १७६२ साली काढला तो जुन्याच वाटेने, आकडा आणि बोट यांच्या भाषेत. आपली आणि वडिलांची तत्त्वं रामोच्या विरुद्ध आहेत, असं त्याने कळवल्याचीही नोंद आहे. वाजवणाऱ्याची बाजू आणि सिद्धांतवाल्याची बाजू असं हे जुनं भांडण. परीक्षेत गुण रामोला मिळतात, पण साथीला बसायचं तर थोरल्या बाखच्या पोराचं ऐकावं.

रामोने पुढे आपल्या म्हणण्याला आधार दिला तो तारेच्या उपस्वरांचा. तो समजायला पॅरिसला जायची जरुरी नाही. बेळगावहून रेल्वेने मिरज गाठावी. तिथे घडलेला तंबोरा नीट लागला, जव्हारी बसली, की खर्जाच्या तारेतून न छेडलेला गांधार आपोआप बोलतो. त्यालाच जुनी मंडळी स्वयंभू गांधार म्हणतात. सा, प आणि हा गांधार : कॉर्ड आपल्या गवयाच्या पाठीमागे रोज वाजत असते. पण आपल्याकडे ती एका जागी बसून राहिली, चालू लागली नाही. तंबोऱ्याचा तळ बदलत नाही आणि बदलूही नये; रागाची सगळी हालचाल त्या न हलणाऱ्या खर्जावर तोललेली असते.

पेटीचा गांधार मात्र या स्वयंभू गांधाराशी जुळत नाही. समान अंतरांच्या पट्ट्यांमुळे तो सुमारे १४ सेंटांनी चढा असतो. एका अर्ध्या सुराचे शंभर भाग म्हणजे सेंट. सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल आणि आयसीएस अधिकारी अर्नेस्ट क्लेमेंट्स यांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला श्रुतींची पेटी बनवण्याचा खटाटोप केला तो याच दुखण्यावर. आकाशवाणीने १९४० साली पेटीवर बंदी घातली, तिलाही हा वाद कारण होता. ती सैल व्हायला १९७१ उजाडलं. बेळगावच्या पेटीवाल्यांची उमेदीची वर्षं यात गेली.

पेटीवर कॉर्ड रुजली नाही याला श्रुतींहून साधं आणखी एक कारण आहे : डावा हात. १८४२ साली पॅरिसच्या अलेक्झांद्र देबँने हार्मोनियमचं पेटंट घेतलं तेव्हा भाता पायाने चाले. दोन्ही हात पट्ट्यांवर मोकळे. कलकत्त्यात द्वारकानाथ घोष यांच्या द्वारकिन कंपनीने ती मांडी घालून बसणाऱ्यांच्या सोयीची केली. पाय गेले, भाता मागे आला, आणि डावा हात त्याला जुंपला गेला. अंकित खर्जाचा सगळा कारभार डाव्या हाताचा; इथे तोच हात वारा घालत बसला. मग खर्जाची सोय कारागिरांनी पेटीच्या पोटात केली. खर्ज, नर आणि मादी अशा सुरांच्या ओळी, आणि सा-प लावून ठेवायच्या खुंट्या. एक खुंटी ओढली की सूर अखंड चालू. तंबोऱ्याचा न हलणारा तळ पेटीच्या पोटात आला तो असा.

नाटक कंपन्यांत मात्र पायपेटी आणि ऑर्गन राहिले. रंगमंचापुढच्या खड्ड्यात ऑर्गनवाला पायाने भाता चालवी, दोन्ही हात पट्ट्यांवर, आणि नटाने तान टाकून श्वास घेतला की मधली जागा भरी. सांगवड्याचे गोविंदराव टेंबे, ज्यांनी १९११ साली 'मानापमान'ला चाली दिल्या, ते स्वतः पेटीचे वस्ताद. १९३३ साली 'आंधळ्यांची शाळा'ला संगीत देणारे केशवराव भोळे पाश्चात्त्य संगीत कान देऊन ऐकणारे. वाट उघडत होती. पण बोलपटांनी नाटक कंपन्या मोडल्या आणि ऑर्गनवाले पांगले.

कॉर्ड मराठी घरात शिरली ती बोलपटांतून, आणि बोलपटांत ती आणली गोव्याने. तिथल्या चर्चशाळांत सोळाव्या शतकापासून मुलांना संगीत शिकवत; सोल्फा, म्हणजे तिकडचं सारेगम, आणि पुढे व्हायोलिनही. शिकवणारा तो मेस्त. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस अशाच मेस्ताचे चिरंजीव. १९४३ च्या सुमारास मुंबईला आले. चालीखाली कोणते सूर भरायचे, कुठला सूर तळाशी, हे लिहून काढणारे जे थोडे अरेंजर होते त्यांत ते, आणि शंकर-जयकिशन, ओ. पी. नय्यर यांच्यासाठी लिहिणारे सेबास्टियन डिसोझा. संगीतकार प्यारेलाल हे गोन्साल्विसांचे शिष्य. १९७७ च्या 'अमर अकबर अँथनी'तलं 'अँथनी गोन्साल्विस' हे नाव गुरूंच्या आठवणीने आलं.

बेळगावला गोवा म्हणजे घाटाखालचा शेजार. १९५३ साली इथे स्वतंत्र कॅथलिक धर्मप्रांत झाला, आणि चर्चमधल्या ऑर्गनवर चार आवाजांची स्तोत्रं छावणीतल्या, म्हणजे कॅम्पातल्या, लोकांनी कायम ऐकली. मराठा लाइट इन्फंट्रीच्या बँडमध्येही प्रत्येक वाद्याचा कागद वेगळा. तिथून खडेबाजारपर्यंत चालत यावं, तर लग्नाची वरात भेटते. तिच्यात क्लॅरिनेट, ट्रम्पेट, युफोनियम सगळेच एक चाल एका सुरात दणकून वाजवतात. तळ सांभाळतो तो ढोल. एका गावात दोन कान, आणि मधलं अंतर पायी चालण्याएवढं.

ज्याला दोन्ही कान लावून बघायचे असतील त्याने घरच्या पेटीवर एक उद्योग करावा. भात्याच्या बाजूला घरातलं एखादं पोर बसवावं : "मार की रे बा भाता, हळू." डावा हात मोकळा झाला. त्याने सा धरावा, उजव्याने ग आणि प. मग डावा मंद्र नी वर, उजवा रे आणि प वर. हाच तो ६. मग डावा ध वर, उजवा सा आणि ग वर. दोन-तीनदा तो जिना उतरेपर्यंत पलीकडून "अजून किती वेळ?" असं येणारच. तेव्हा उठावं, पोराला पट्ट्यांसमोर बसवावं आणि भाता आपण घ्यावा.