संतवाणी आणि रुपेरी पडदा

ज्या समाजास आपल्या कवींचें स्मरण राहत नाहीं, त्यास स्वतःची ओळखहि फार काळ राहत नाहीं. मराठवाड्यांतील वाचकांस हें निराळें सांगावयास नको. आमचा जालना भाग १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यांत होता. कचेरीची व वरच्या शिक्षणाची भाषा उर्दू. मराठी टिकली ती जात्यावरची ओवी, कीर्तन व भजन यांच्या आधारानें. समर्थांचें जन्मगांव जांब याच जिल्ह्यांत आणि नाथांचें पैठण शेजारींच, हें आमचें भाग्य.

हीच संतवाणी पडद्यावर आणण्याचें कार्य विष्णुपंत दामले व फत्तेलाल या जोडीनें केलें. दोघेहि कोल्हापुरास बाबूराव पेंटर यांच्या हाताखालीं तयार झाले आणि १९२९ सालीं निघालेल्या प्रभात फिल्म कंपनीचे भागीदार झाले. दामले ध्वनिलेखनांत निष्णात, फत्तेलाल नेपथ्यांत. त्यांचा ‘संत तुकाराम’ १९३६ सालीं लागला. मुंबईस तो वर्षाहून अधिक काळ चालला आणि १९३७ सालीं व्हेनिसच्या चित्रपटमहोत्सवांत त्याचा गौरव झाला. पुढें १९४० सालीं ‘संत ज्ञानेश्वर’ व १९४१ सालीं ‘संत सखू’ हे बोलपट आले.

‘तुकारामां’त चमत्कार आहेत, परंतु मनांत घर करतो तो संसार. विष्णुपंत पागनिसांचा तुकोबा विठ्ठलांत रंगलेला, तर गौरीबाईंची जिजाई चूल, म्हैस व उपाशी पोरें यांत गुंतलेली. दोघांचेंहि खरें वाटतें. याच चित्रांतला सालोमालो हा ब्राह्मण तुकोबांचे अभंग आपलेच म्हणून मिरवितो. पोथीवर पोसलेल्या आम्हां मंडळींस तें पात्र बोंचतें. आणि तें बोंचावें हेंच योग्य.

याच्या अगदीं उलट प्रकार चित्राबाहेर घडला. शांताराम आठवले यांनीं या बोलपटासाठीं एक नवा अभंग रचिला. तो तुकोबांच्या वाणीशीं इतका एकरूप झाला कीं, पुष्कळांनीं तो गाथेंतलाच मानला! परंपरा जिवंत असल्याची याहून मोठी खूण कोणती? मात्र गाथेंतलें कोणतें व नवें कोणतें, हें मुलांस सांगणें वडील मंडळींचें कर्तव्य आहे. ज्याचें श्रेय त्यास न दिल्यास आपणहि सालोमालोच ठरूं.

दामले १९४५ सालीं निवर्तले. फत्तेलाल धर्मानें मुसलमान. तरी देहू-आळंदीचा देखावा त्यांनीं उभा केला, आणि १९५५ सालीं ‘जगद्गुरु शंकराचार्य’ हें चित्रहि त्यांनींच दिग्दर्शित केलें. भाषा व भक्ति कोणा एका जातीच्या मालकीची नव्हे, याला आणखी प्रमाण कशाला?

तेव्हां घरांतील लहानथोरांनीं एखाद्या एकादशीस हें चित्र एकत्र बसून पाहावें, आणि मग गाथा उघडून दोन अभंग मोठ्यानें म्हणावे. ऐकलेली वाणी विसरते, म्हटलेली राहते.