नारळ खवण्याआधीच संपणारा वर्ग

कोकणातल्या घरगुती निवासांच्या पाट्यांवर खोली, समुद्र आणि मासळीचं जेवण यांच्या जोडीला आता आणखी एक ओळ दिसू लागली आहे, ‘मालवणी स्वयंपाक शिका’. वेळ दोन-अडीच तासांचा, पदार्थ तीन-चार, शेवटी सगळ्यांची पंगत. पाहुणे ओट्याशी येतात तेव्हा वाटप वाटून तयार असतं, मासे साफ करून हळद-मीठ लावून ठेवलेले असतात, कोकम भिजत घातलेलं असतं. घरच्या काकू सांगतील त्या क्रमाने एकेक वाटी पातेल्यात रिकामी करायची, मध्येच फोडणीचा फोटो काढायचा. सगळं नीटनेटकं आणि वेळेत होतं. माझा आक्षेप या नीटनेटकेपणालाच आहे. परक्या गावी, परक्या घरात जाऊन शिकण्यासारखं जे काही असतं, ते बहुतांशी त्या वाट्या भरून होईपर्यंतच घडून गेलेलं असतं. घरगुती पाकवर्गाने शिकवायला हवी ती तयारी, आणि नेमकी तीच कंटाळवाणी समजून आधी उरकली जाते.

कृतींचा मराठीत कधी तुटवडा नव्हता. रामचंद्र सखाराम गुप्ते यांचं ‘सूपशास्त्र’ १८७५चं. लक्ष्मीबाई धुरंधरांच्या ‘गृहिणीमित्र’ने १९१०मध्ये थेट एक हजार पाकक्रिया देऊ केल्या. १९७०मध्ये कमलाबाई ओगल्यांची ‘रुचिरा’ आली. आई किंवा सासू हाताशी नसलेल्या, शहरात किंवा परदेशात नवा संसार मांडलेल्या मुलींना वाटी-चमच्याच्या प्रमाणाने धीर देणारं हे पुस्तक घरोघर गेलं. आता त्याच्या जोडीला मोबाइलवर चित्रफिती आहेत, मालवणी पदार्थांच्याही ढिगाने. सोलकढीला किती आमसुलं, हे कळण्यासाठी मालवण गाठायची गरज उरलेली नाही. तरीही प्रवास करून कुणी शिकायला येत असेल, तर त्याला कागदावर न मावणारं काहीतरी मिळालं पाहिजे. मायकेल पोलान्यी या विचारवंताने १९५८ आणि १९६६ या सालांच्या आपल्या दोन पुस्तकांत या न मावणाऱ्या ज्ञानाचाच माग काढला. माणसाला जेवढं सांगता येतं त्याहून बरंच जास्त कळत असतं, असा त्याचा एकूण मुद्दा. स्वयंपाकघराइतका त्याचा पुरावा दुसरीकडे क्वचितच मिळेल.

मासळीच्या साध्या आमटीचंच पाहू. कृतीत लिहिलेलं असतं, ‘एक वाटी ओलं खोबरं’. त्याआधी नारळ निवडावा लागतो. तो हलवून आत पाणी किती आहे याचा अंदाज घ्यायचा, फोडल्यावर खोबरं कोवळं निघालं की जून, हे पाहायचं आणि त्यावर तो आमटीत जाणार की दुसऱ्या कशात, हे ठरवायचं. आदाळ्यावर खवताना करवंटीलगतची तपकिरी पाठ येऊ लागली की हात थांबला पाहिजे. सोलकढीसाठी खवत असाल तर लवकरच, नाहीतर दुधाचा रंग मळतो. मग वाटप. आमटीचं वाटप कच्च्या खोबऱ्याचं, भिजवलेल्या सुक्या मिरच्या, धणे आणि हळद घालून गंधासारखं वाटलेलं. कोंबडीच्या किंवा काळ्या वाटाण्याच्या रश्शाला वाटप भाजलेलं लागतं. त्यात कांदा-खोबरं तांबूस झालं की उतरवायचं असतं, कारण एक छटा पुढे गेली की कडवटपणा येतो आणि तो नंतर कशानेही जात नाही. ही छटा कोणत्या शब्दात लिहायची? आणि तिरफळ! बांगड्याच्या आमटीचा जीव त्या जिभेला झिणझिण्या आणणाऱ्या फळात असतो. त्याची बी काढून टाकायची, टरफल तेवढं घ्यायचं आणि ठेचून आमटीत सोडायचं. वाटपात वाटलं तर ते बाकी सगळ्या चवींवर बसतं. पुस्तक सांगतं पाच-सहा तिरफळं. पण यंदाच्या पावसाळ्यानंतरची वाळवलेली आणि दोन वर्षं डब्यात पडलेली यांच्या जोरात एवढा फरक असतो की त्या आकड्याला अर्थ राहत नाही. काकू डबा उघडून वास घेतात आणि मूठ कमी-जास्त करतात. आमसुलांचंही तेच. कोकमाच्या साली मे महिन्यात मीठ घातलेल्या रसात पुन्हा पुन्हा भिजवून वाळवलेल्या असल्यामुळे मीठ आधीच आत मुरलेलं असतं, म्हणून आमटीत मीठ शेवटी आणि चाखून. ‘मीठ चवीनुसार’ या दोन शब्दांआड सगळा मे महिना दडलेला असतो, हे भरलेल्या वाट्यांच्या वर्गात कळायला वाव नाही.

अमेरिकन मानवशास्त्रज्ञ जीन लेव्ह यांनी लायबेरियातल्या शिंप्यांकडे शिकणाऱ्या उमेदवारांचा अभ्यास केला होता. १९९१मध्ये एत्येन वेंगर यांच्यासोबत लिहिलेल्या पुस्तकातही त्यांनी तो वापरला. तिथला उमेदवार आधी कपड्याचं शेवटचं, गुंड्या लावण्यासारखं काम शिकतो, मग शिवण, आणि कापड बेतण्याचं काम सगळ्यांत शेवटी. कारण उघड आहे. बेतण्यात चुकलं तर कापड वाया जातं, गुंडी वाकडी लागली तर उसवता येते. आपल्या घरांत क्रम वेगळा, तत्त्व तेच. पोराच्या हाती आधी लसूण सोलायला येतो, मग कोथिंबीर निवडायला, मग नारळ. फोडणी फार पुढे. चूक स्वस्तात पडेल अशा कामाला बसवायचं आणि तिथून त्याला सगळा स्वयंपाक डोळ्यांनी पाहू द्यायचा. पर्यटकांच्या वर्गात सुरुवातीलाच पाहुण्याच्या हाती झारा दिला जातो, कारण झारा फोटोत चांगला दिसतो. लसूण सोलणारी बाई मागच्या पडवीत असते.

यावर पहिला आक्षेप व्यवहाराचा. सुट्टीवर आलेला, पैसे मोजलेला माणूस नारळ खवत कशाला बसेल? याला उत्तर इटलीत सापडतं. बोलोन्यात २००४मध्ये सुरू झालेलं ‘चेझारिने’ हे घरगुती स्वयंपाकिणींचं जाळं आज पर्यटकांना इटलीभर लोकांच्या घरी शिकायला नेतं. तिथल्या पास्त्याच्या वर्गांत पाहुणे कणीक मळतात आणि लांब लाटण्याने पोळी लाटतात, म्हणजे तयारीच करतात. शंभर ग्रॅम मैद्याला एक अंडं, हे प्रमाण जगजाहीर आहे. शिजलेल्या तालियातेल्लेच्या पट्टीची रुंदी आठ मिलिमीटर हवी, हे तर १९७२मध्ये बोलोन्याच्या व्यापार मंडळात रीतसर नोंदवून ठेवलं आहे (हौसेला मोल नाही, हे तिकडेही खरं दिसतं). पण कणीक पुरेशी मळली गेली का, याची नोंद कुठल्याच कार्यालयात करता आलेली नाही. ते कळून घेण्यासाठी लोक पैसे भरतात आणि पीठ लागलेल्या हातांनी खूश होतात. आपल्याकडे तांदळाच्या भाकरीची उकड याच जातीचं काम आहे. तेव्हा प्रश्न पाहुण्याच्या आळसाचा कमी आणि यजमानांच्या संकोचाचा जास्त आहे. पदार्थ चारांऐवजी दोन करा. एक आमटी आणि सोलकढी, सोबत भात. मग वेळ पुरतो.

दुसरा आक्षेप पर्यटनाच्या अभ्यासकांचा. डीन मॅककॅनेल यांनी १९७३मध्ये दाखवून दिलं की पर्यटकाला पडद्यामागचं बघायची ओढ असते, आणि म्हणून त्याच्यासाठी ‘पडद्यामागचा’ म्हणून एक नवा रंगमंच उभा केला जातो. घरचं स्वयंपाकघर म्हणजे अगदी तसला रंगमंच, असं कुणी म्हणेल, आणि ते बऱ्याच अंशी खरंही आहे. पाहुणे येणार म्हणून मिक्सर कपाटात जातो आणि पाटा-वरवंटा बाहेर येतो, हे मला सरळ ढोंग वाटतं. काकू रोज मिक्सरच वापरत असतील तर मिक्सरवर शिकवावं. पाणी किती कमी घालायचं, भांडं तापू नये म्हणून कुठे थांबायचं, हेही कसबच आहे. मात्र ज्या कामावाचून जेवण होणारच नाही, त्याचं नाटक फार वेळ चालत नाही. तयारी पाहुण्यांसमोर आली की देखाव्याला जागा आपोआप कमी उरते.

तिसरा आक्षेप सगळ्यांत जड. ‘पारंपरिक मालवणी’ म्हणजे कुणाचं? सारस्वत, मराठा, भंडारी, गाबीत, कोकणी मुसलमान, ख्रिस्ती यांची वाटपं एक नाहीत. ज्या मिरचीवर हा सगळा तांबडा डोलारा उभा आहे, ती आणि काजूही पोर्तुगिजांच्या गलबतांबरोबर आली. आणि स्वयंपाकघर ही आपल्याकडे कधीच सर्वांना खुली जागा नव्हती. सोवळं त्याच उंबऱ्यावर राखलं जाई. शाहू पाटोळे यांच्या २०१५च्या ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ने मराठवाड्यातल्या दलितांचं खाणं पुस्तकात आणलं तेव्हा मराठी पाककलेच्या शंभराहून अधिक वर्षांच्या ग्रंथपरंपरेत केवढी पोकळी होती, ते दिसलं. तयारीचा वर्ग याचं थोडंच निवारण करतो. तयार वाटीत सगळी घरं सारखी दिसतात. बाजार कुठून, मासे कोण कापतं, आमटीला कांदा पडतो की नाही, हे समोर आलं की पाहुण्याला कळतं की आपण एका प्रदेशाचं नव्हे, एका घराचं शिकतो आहोत. पण ज्यांच्याकडे दाखवण्याजोगं स्वयंपाकघर नाही, पाहुण्यांसाठी जादा खोली नाही, त्यांचं जेवण या व्यवसायात येतच नाही. ती पोकळी वर्गाच्या रचनेने भरणारी नाही, आणि तसा दावा करणंही बरं नाही.

बायकांच्या अंगावर आणखी काम टाकताय, असं कुणी म्हणेल, त्यालाही तोंड द्यायला हवं. राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाच्या २०२४च्या वेळ-वापर सर्वेक्षणात घरच्यांसाठीच्या बिनपगारी घरकामात ते करणाऱ्या बायकांची दिवसाला सरासरी २८९ मिनिटं जातात आणि ते करणाऱ्या पुरुषांची ८८. आजचा वर्ग या मिनिटांवरच उभा आहे. पाहुण्याकडून अडीच तासांचे पैसे घेतले जातात. त्याआधीचे बाजाराचे, मासे साफ करण्याचे, खवण्या-वाटण्याचे तास नेहमीसारखे घरखाती जमा होतात. तयारी वर्गाच्या आत आणली तर ती दरातही आणता येते, आणि शिकणारे चार हात त्यात लागतात. महाराष्ट्र शासनाने २०२३मध्ये ‘आई’ हे महिलांसाठीचं पर्यटन धोरण आणलं, त्यात महिलांच्या पर्यटन व्यवसायाला १५ लाखांपर्यंतच्या कर्जावरचं व्याज परत मिळण्याची सोय आहे. भांडवलाची अडचण त्याने हलकी होईल. पण काकूंना यजमानीण म्हणून खोलीच्या भाड्यात गुंडाळायचं, की शिकवणारी म्हणून त्यांच्या तासांचे वेगळे पैसे द्यायचे, हे कर्जाच्या कागदावर ठरत नाही. दरपत्रक बहुधा घरातल्या पुरुषाने लिहिलेलं असतं, हेही इथे सांगून टाकावं.

तयारी हा वर्गाचा गाभा मानला की तो ऋतूला बांधला जातो, आणि पर्यटन व्यवसायाला हे सर्वांत गैरसोयीचं. यांत्रिक नौकांची मासेमारी १ जून ते ३१ जुलै बंद असते. त्या दिवसांत सुरमईचा हट्ट धरणाऱ्यासमोर बर्फातला मासा ठेवण्यापेक्षा घरात खरोखर शिजतं ते शिकवावं. कुळथाची पिठी, भात आणि निखाऱ्यावर भाजलेला सुका बांगडा. पिठीला लसणाची फोडणी, गुठळी न होऊ देता ढवळणं आणि आमसूल, एवढं पावसातल्या पाहुण्याला अर्ध्या तासात येईल. कुळीथ भाजणं, भरडणं, पाखडणं आणि दळणं मात्र उन्हाळ्यातच उरकलेलं असतं. ते शिकायचं तर मे महिन्यात यायला हवं, आणि तेव्हा अंगणात आमसुलं आणि मसाल्याच्या मिरच्या वाळत असल्यामुळे वर्ग घ्यायला घरात कुणाला सवड असेलच असं नाही.