माळाचा चिंकारा, रानाचा चौशिंगा

दूरवर एखादे चपळ जनावर उड्या मारीत गेले, की आपण ‘हरिण गेले’ म्हणून मोकळे होतो. पण शेळीएवढ्या उंचीची दोन निराळी जनावरे आपल्या महाराष्ट्रात आहेत. एक उघड्या माळाचे, दुसरे डोंगरउतारावरच्या रानाचे.

प्रथम एक खूण ध्यानात ठेवा. चितळ, सांबर, भेकर यांच्या नरांची शिंगे भरीव असतात; ती गळतात व पुन्हा फुटतात. चिंकारा व चौशिंगा यांची शिंगे मात्र गाई-शेळ्यांसारखी पोकळ असतात व जन्मभर टिकतात. म्हणजे ही दोघे आपल्या गुरांच्याच गोतावळ्यातली!

चिंकारा खांद्याशी दोन फुटांहून थोडा उंच, वजनाला वीस-पंचवीस किलो. रंग तांबूस, पोट पांढरे, शेपटी काळी. मादीलाही बारीक शिंगे असतात. इराणपासून पाकिस्तान, राजस्थान, गुजरात ओलांडून दख्खनच्या पठारापर्यंत याचा पसारा आहे. बारामती तालुक्यातील सुपे येथील मयूरेश्वर अभयारण्यात तो पाहावयास मिळतो. पाला व दव यांतला ओलावा घेऊन तो पाण्याविना बरेच दिवस काढू शकतो. म्हणूनच कोरडवाहू मुलुख त्याला मानवतो.

चौशिंग्याची तऱ्हा उलटी. त्याला पाणी वरचेवर लागते, म्हणून ओढा-पाणवठा सोडून तो फार लांब जात नाही. उंच गवत आणि पानगळीचे रान हे त्याचे घर. भारत आणि नेपाळ सोडून जगात तो कोठेही सापडत नाही. आपल्याकडे मेळघाट व ताडोबाच्या जंगलात तो आहे. वजन वीस किलोच्या आसपास. नराला चार शिंगे; पुढची जोडी अगदी आखूड, मागची बोटभर लांब. मादीला शिंगे नसतात. कळपाने न राहता तो एकटा-दुकटा फिरतो आणि लेंड्या पुन:पुन्हा ठराविक जागीच टाकतो.

आता आपल्या कामाची गोष्ट. माळ म्हणजे पडीक जमीन, अशी आपली समजूत असते. पण सरसकट नांगरट झाली किंवा दाट झाडे लावली, तर चिंकाऱ्याचे घर जाते. गायरानाचे गवत राखले, तर गुरांना चारा मिळतो आणि त्यालाही थारा राहतो. रानातल्या विहिरीला कठडा बांधा. अंधारात जनावर पडते, तसे माणूसही पडते. कुत्री मोकाट सोडू नका.

आणि सर्वांत महत्त्वाचे! गवत कापताना एखादे पिल्लू निपचित पडलेले दिसले, तर ते आईवेगळे झाले असे समजू नका. आई त्याला मुद्दाम लपवून चरावयास जाते आणि पाजावयास परत येते. दयेपोटी ते घरी आणले, तर बहुधा दगावते. त्याला हात न लावता तेवढा तुकडा कापावयाचा ठेवा आणि मुलांना दूर न्या. पिल्लू जखमी असेल, तर वनरक्षकाला कळवा. वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ अन्वये या दोन्ही प्राण्यांना पूर्ण संरक्षण आहे. त्यांची शिकार केल्यास तीन ते सात वर्षे कैद होऊ शकते.

पिकाचे नुकसान झाले, तर फासे किंवा विजेची तार लावू नका. वनखात्याकडे लगेच अर्ज करा, पंचनामा करून घ्या. गवताचा एक तुकडा राखण्यास फारसा खर्च येत नाही. पण तेवढ्यावर त्या मुक्या जिवाची एक पिढी वाचते.