वाळवंटी वृक्षांस पाणी कसे घालावे?



दसऱ्याच्या दिवशी सीमोल्लंघनास जाऊन आपण जिची पूजा करतो ती शमी कोरड्या प्रदेशांतील रहिवासी आहे. मराठीत तिला सौंदडही म्हणतात. राजस्थानात ती खेजडी या नावाने ओळखली जाते. जोधपूरच्या आसपास वर्षाकाठी सरासरी ३५ सेंटीमीटरांच्या जवळपास पाऊस पडतो, आणि पश्चिमेस जैसलमेरकडे गेल्यास तोही निम्म्याच्या घरात येतो. अशा ठिकाणी ऐन उन्हाळ्यात, गवताची काडीही हिरवी उरलेली नसताना, खेजडीस नवी पालवी फुटते. तिचा पाला गुरांच्या उपयोगी पडतो आणि तिच्या कोवळ्या शेंगांची, म्हणजे सांगरीची, भाजी होते. १७३० साली जोधपूरजवळील खेजडली गावी या झाडांवर कुऱ्हाड पडू नये म्हणून अमृतादेवीसह ३६३ बिष्णोई स्त्रीपुरुषांनी प्राण दिले, ते उगीच नव्हे.

परंतु इतके काटक झाडदेखील माणसाने हौसेने लावले म्हणजे पुष्कळदा जगत नाही. पाणी मिळाले नाही म्हणून काही रोपे मरतात हे खरे. पण रोज तांब्याभर पाणी मिळूनही मरणारी रोपे थोडी नसतात. याचे कारण समजण्यासाठी जमिनीखाली काय चालते ते पाहिले पाहिजे.

खेजडीचे सोटमूळ ३० मीटरांहूनही खोल गेल्याच्या नोंदी आहेत. तिचे रोप पहिली काही वर्षे वर फारसे वाढत नाही, कारण त्याची बरीचशी शक्ती खाली मूळ उतरविण्यात खर्च होत असते. आता मूळ वाढते ते ओलाव्यात. कोरड्या ठणठणीत मातीत ते शिरत नाही. रोज थोडे पाणी घातले तर वरची चार बोटे माती तेवढी भिजते. मुळे तेथेच घुटमळतात, आणि उन्हाळ्यात सर्वांत आधी तापणारा व वाळणारा थर नेमका तोच असतो. पाणी घालणारा चार दिवस परगावी गेला की झाड कोमेजते. शिवाय वाळवंटातील विहिरींचे पाणी पुष्कळ ठिकाणी खारट असते. थोड्या पाण्यातील वाफ उडून जाते आणि क्षार मात्र मुळांपाशी साचत राहतात. भरपूर पाणी एकदम दिल्यास ते क्षार खाली वाहून जातात.

म्हणून पहिला नियम असा, की पाणी द्यावे ते खोलवर आणि दोन पाण्यांत अंतर ठेवून. रेताड जमिनीत आळ्यात अडीच सेंटीमीटर उंचीचे पाणी भरले तर ते साधारणतः ३० सेंटीमीटर खोल ओल पोचविते. भारी काळ्या जमिनीत तेवढेच पाणी त्याच्या निम्म्यापर्यंतच उतरते, पण तेथे ओल टिकतेही अधिक दिवस. ओल कोठवर गेली हे पाहण्यासाठी एक लोखंडी सळई पुरे. ती ओल्या मातीत सहज जाते आणि कोरडी माती लागताच अडते. झाड वाढेल तसे आळेही बाहेर सरकवावे. पाणी पिणारी बारीक मुळे खोडाशी नसून फांद्यांच्या घेराखाली व त्याबाहेर असतात. खोडाशी सतत ओल राहिल्यास साल कुजते.

या नियमास एक अपवाद आहे. नुकत्याच लावलेल्या रोपाची मुळे पिशवीतील मातीच्या गोळ्यातच असतात आणि तो गोळा लवकर वाळतो. तेव्हा पहिले काही आठवडे पाणी वरचेवर द्यावे, मग अंतर हळूहळू वाढवावे आणि दोन-तीन वर्षांनी झाड आपल्या मुळांवर सोडून द्यावे.

स्थलांतराच्या बाबतीतही मुळाचाच विचार मुख्य होय. पिशवीत फार दिवस राहिलेल्या रोपाचे सोटमूळ तळाशी वेटोळे घालते. असे मूळ जमिनीत गेल्यावरही पुष्कळदा सरळ होत नाही. यास्तव रोप लहान असतानाच, चांगला पाऊस होऊन गेल्यावर, सायंकाळी लावावे. मोठे झाड खणून काढताना खोल गेलेले मूळ तुटतेच, आणि ते पुन्हा सहजी येत नाही. हलविणे अटळच असेल तर एक हंगाम आधी झाडाभोवती निम्मा चर खणावा, काही महिन्यांनी उरलेला निम्मा खणावा, म्हणजे तुटल्या मुळांजवळ नवी बारीक मुळे फुटण्यास अवधी मिळतो. नव्या जागी खोडाची दक्षिणेकडील बाजू दक्षिणेसच ठेवावी. सावलीतली साल एकाएकी उन्हात आली तर करपते.

पाणी घालण्याइतकेच महत्त्वाचे आहे ते जमिनीतील पाणी राखणे. सीकर जिल्ह्यातील दांता गावचे शेतकरी सुंदरम वर्मा यांना २०२० साली पद्मश्री मिळाली ती या कामाबद्दल. पावसाळ्याच्या आरंभी जमीन नांगरून ते पाणी मुरू देतात व तण काढतात. पाऊस संपण्याच्या सुमारास पुन्हा खोल नांगरट करतात. त्यामुळे मातीतील केसासारख्या सूक्ष्म नळ्या तुटतात आणि खालची ओल वर चढून उडून जात नाही. मग खोल खड्ड्यात रोप लावून त्यास एकदाच एक लिटर पाणी द्यायचे. पुढचे पाणी रोप स्वतः जमिनीतून घेते.

या पद्धतीचे मर्म कोणत्याही अंगणात लागू पडेल. रोपाभोवतीचे तण उपटावे, वरची माती भुसभुशीत ठेवावी व तीवर पालापाचोळा पसरावा. बडोद्यास किंवा हैदराबादेस देवळाच्या आवारात दसऱ्यासाठी शमी लावणाऱ्यांनीही हे ध्यानी घ्यावे, विशेषतः भारी जमिनीत, जेथे पाणी साचून मुळे गुदमरतात. रोप लावताच त्याची वरची वाढ मोजीत बसू नये. पहिल्या दोन-तीन वर्षांत ते वीतभर वाढलेले दिसले तरी निराश होण्याचे कारण नाही. त्या काळात सळई जितकी खोल ओल दाखवील, तितकी त्या झाडाच्या पुढच्या आयुष्याची तरतूद झाली असे समजावे.