मोहाचे तेल आणि कागदाची वेस

जव्हार-मोखाड्याच्या डोंगरात मोहाचे झाड माणसाला वर्षातून दोनदा देते. होळीच्या सुमारास फुले आणि पावसाच्या तोंडावर फळे. जामसरच्या आजूबाजूच्या पाड्यांना हे सांगायला नको. फळातल्या बिया फोडून, वाळवून घाण्याला दिल्या की तेल निघते. ते फोडणीला चालते, दिव्यात जळते आणि थंडीत फुटलेल्या टाचांना चोळले जाते. गारठ्यात ते तुपासारखे थिजते. क्रीम बनवणाऱ्यांना नेमके असेच तेल हवे असते. आफ्रिकेतले शीआचे झाड मोहाच्याच कुळातले. त्याच्या बियांचे लोणी आज जगभरच्या क्रीमच्या डब्यांत आहे. मग मोह मागे का?

जकात आड येते, असे आपल्याला वाटते. पण मोठी वेस कागदाची आहे. युरोपीय संघाचा २००९ चा सौंदर्यप्रसाधनांचा नियम जुलै २०१३ पासून पूर्णपणे लागू झाला. प्रत्येक क्रीममागे तिकडची एक जबाबदार व्यक्ती किंवा संस्था हवी, तज्ज्ञाचा सुरक्षितता अहवाल हवा, विक्रीआधी नोंद हवी. नुसते तेल विकायचे म्हटले, तरी खरेदीदार प्रत्येक खेपेचा तपासणी-दाखला मागतोच. यात चूक काही नाही. लेकराच्या गालाला लावायची वस्तू तपासूनच यावी. परदेशी क्रीम इथे आणायचे तर आपलेही सरकार नोंदणी मागते, आणि प्राण्यांवर चाचणी केलेली प्रसाधने आपणही २०१४ पासून बंद केली आहेत.

बँकेत परदेशी व्यापाराच्या पतपत्रांवर काम करताना पहिला धडा मिळतो तो हा, की बँक माल पाहत नाही, कागद पाहते. हळदीचेही तसेच झाले. जखमेवर हळद लावण्याचे पेटंट १९९५ साली अमेरिकेत दिले गेले. डॉ. रघुनाथ माशेलकरांच्या नेतृत्वाखाली सीएसआयआरने ते आव्हान देऊन १९९७ मध्ये रद्द करवले. आजीबाईचा बटवा तिथे जिंकला, कारण छापील पुरावे हाताशी होते.

गौण वनोपजावरचा हक्क १९९६ च्या पेसा आणि २००६ च्या वनहक्क कायद्याने गावाला दिला. २००२ च्या जैवविविधता कायद्याने लाभातला वाटाही मान्य केला. पण अहवालाचा खर्च शंभर लिटरला आणि टँकरभर तेलाला जवळपास सारखाच. तो एकट्या पाड्याला झेपत नाही. म्हणून बी कच्चेच विकले जाते, आणि ज्याच्याकडे कागद, त्याच्याकडे भाव जातो.

दहा-वीस ग्रामसभांनी तेल एकत्र केले आणि तपासणीचे बिल पहिली काही वर्षे सरकारने उचलले, तर हे बदलू शकते. धरणे आणि रस्ते यांच्या हिशेबात ही रक्कम फार मोठी नाही. मोह तर दर वर्षी फळतोच आहे.